जॉर्जियन प्रेक्षकांपर्यंत वादग्रस्त परदेशी सिनेमे पोहोचतात तरी कसे?

रानवारा:
नमस्कार मंडळी. गेल्या रविवारी आमच्या नाशिकच्या फिल्म क्लबात 'अँड देन वुई डान्स्ड' (२०१९) दाखवला. आठवडा उलटला तरी डोक्यातून जात नाही, म्हणून धागा काढते आहे.

ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. जॉर्जियाची राजधानी त्बिलिसी, तिथल्या राष्ट्रीय नृत्यपथकात तयार होणारा मेराब नावाचा मुलगा. घरात पैशांची ओढाताण, दिवसभर सराव, रात्री हॉटेलात वाढप्याचं काम. पथकात इराक्ली नावाचा नवा मुलगा येतो. आधी चुरस, मग प्रेम. नृत्यगुरू सुरुवातीलाच बजावतात की जॉर्जियन नाच म्हणजे मर्दानी बाणा, इथे मऊपणाला जागा नाही. पुढचा सगळा सिनेमा त्या एका वाक्याशी झगडतो.

आता माझा प्रश्न. हा सिनेमा कागदोपत्री परदेशी आहे. दिग्दर्शक लेवान अकिन स्वीडनमध्ये वाढलेला, आईवडील जॉर्जियन. पैसा मुख्यतः स्वीडनचा, ऑस्करलाही स्वीडननेच पाठवला. पण भाषा जॉर्जियन, नट जॉर्जियन, गल्ल्या त्बिलिसीच्या. क्लबात चर्चेच्या वेळी कळलं की तिथे तो लागला तेव्हा थिएटरबाहेर दंगा झाला. मग ज्यांच्यासाठी तो केला त्यांनी तो पाहिला कुठे? आणि एकूणच ३७ लाख वस्तीच्या देशात, स्वतःची वेगळी लिपी असलेल्या भाषेत, असे अडचणीचे सिनेमे पोहोचतात कसे? डबिंग करून? सबटायटल लावून? टीव्हीवर, नेटवर, महोत्सवात? इथे कुणी तिकडे राहून आलं आहे का?

पक्या_बोरिवली:
व्हीपीएन, दुसरं काय! सगळ्या देशांचं एकच राष्ट्रगीत आहे ते.

त्बिलिसीकर:
रानवारा, धागा बघून राहवलं नाही. मी एमबीबीएससाठी सहा वर्षं त्बिलिसीत होतो. आपल्याकडची पुष्कळ मुलं तिकडे असतात, आमच्या वर्गात सोलापूर, लातूर, नगर असा अर्धा महाराष्ट्रच भरला होता. २०१९च्या ८ नोव्हेंबरला मी तिथेच होतो, तिसऱ्या वर्षाला.

पहिले खेळ त्बिलिसी आणि बातुमीला होते, तीनच दिवसांचे. त्बिलिसीत ते अमिरानी थिएटरला होते. तिकिटं नेटवर सुटली आणि काही मिनिटांत संपली, आमच्या वर्गातल्या जॉर्जियन मुलीला मिळाली नाहीत. त्या संध्याकाळी मी रुस्तावेली मेट्रोतून वर आलो तर कोस्तावा रस्त्यावर गर्दी. एका बाजूला मूर्तिचित्रं छातीशी धरून उभे असलेले लोक, काही पाद्री, प्रार्थना चाललेली, मध्येच फटाके. दुसऱ्या बाजूला शिरस्त्राणं घातलेले पोलीस, ढाली एकाला एक लावून. आणि त्या भिंतीच्या मधून हातात तिकिटं धरून आत जाणारी पोरं. त्यातल्या एका मुलीने आत जायच्या आधी केस बांधले, कॉलर वर केली आणि मान खाली घालून चालत सुटली. पावसात निघाल्यासारखी. मला सिनेमापेक्षा ती मुलगी जास्त आठवते.

त्या रात्री प्रेक्षकांची बाजू घ्यायला गेलेली एक कार्यकर्ती जखमी होऊन इस्पितळात गेली. बऱ्याच जणांना पोलिसांनी ताब्यात घेतलं. चर्चने सिनेमाचा निषेध केला होता, पण हिंसेशी आपला संबंध नाही असंही सांगितलं. खेळ मात्र रद्द झाले नाहीत. पोलीस बंदोबस्तात तिन्ही दिवस पार पडले.

तर तुमच्या प्रश्नाचं पहिलं उत्तर हे, की थिएटरात पोहोचला. तीन दिवस, ढालींच्या रांगेतून. बाकीच्यांनी नंतर पेन ड्राइव्हवर पाहिला. मीही तसाच पाहिला, मित्राच्या होस्टेलमध्ये, आठ जण एका लॅपटॉपभोवती.

रानवारा:
अंगावर काटा आला वाचून. त्बिलिसीकर, मनापासून आभार. अजून लिहा.

सुमनताई_पुणे:
माझं वय झालं, त्यामुळे मी जरा मागे नेते. जॉर्जिया म्हटलं की मला तेंगिझ अबुलाद्झे आठवतात. त्यांचा 'पश्चात्ताप' (जॉर्जियन नाव 'मोनानिएबा') आम्ही फिल्म सोसायटीत पाहिला होता. स्टॅलिनच्या काळावरचं रूपक. मेलेल्या हुकूमशहाचं प्रेत पुरलं की एक बाई ते पुन्हा उकरून काढते, परत पुरलं की परत.

हा काही परदेशी सिनेमा नव्हे, पण कसा पोहोचला ते या धाग्यात बसतं. १९८४ मध्ये तयार झाला आणि पडून राहिला. तेव्हा जॉर्जिया सोव्हिएत संघात होता आणि शेवार्डनाद्झे तिथल्या कम्युनिस्ट पक्षाचे प्रमुख होते, त्यांनी पाठराखण केली. युक्ती अशी की सिनेमा म्हणून मॉस्कोकडे मंजुरी न मागता जॉर्जियन टीव्हीसाठी म्हणून तो करायचा. त्याआधी चित्रीकरणाच्या काळातच, १९८३ मध्ये, विमान अपहरणाच्या प्रकरणात त्यातला एक तरुण नट पकडला गेला, पुढे त्याला देहदंड झाला. त्याच्या जागी मेराब निनिद्झेला घेऊन त्याचे प्रसंग पुन्हा चित्रित करावे लागले. सर्वांसाठी सिनेमा खुला झाला १९८७ला, गोर्बाचेव्हच्या काळात, आणि त्याच वर्षी कान महोत्सवात त्याला मोठं पारितोषिक मिळालं. पण तोवर व्हिडिओ कॅसेटवर हातोहात फिरला होता. आजच्या पेन ड्राइव्हची आजीच म्हणा ना.

शेवटी एक म्हातारी खिडकीशी येऊन विचारते, हा रस्ता देवळाकडे जातो का? नाही म्हटल्यावर म्हणते, जो रस्ता देवळाकडे जात नाही तो काय कामाचा? ती भूमिका वेरिको अंजापारिद्झे या थोर नटीची. तेव्हा ते वाक्य ऐकून आम्ही गप्प झालो होतो, कारण तिथे देऊळ म्हणजे दडपलेली सदसद्विवेकबुद्धी होती. आता त्बिलिसीकरांनी लिहिलेलं वाचते आहे की त्याच देवळाची माणसं मूर्तिचित्रं घेऊन थिएटरच्या रस्त्यावर उभी. मला हे वाचून फार वाईट वाटलं. सत्तर वर्षं ज्यांना दाबलं, त्यांना दाबणं कसं असतं ते ठाऊक असायला हवं होतं.

कोल्हापुरी_ठेचा:
सुमनताई, तुमच्याबद्दल आदर आहे, पण दुसरी बाजूही कुणीतरी मांडायला हवी. छोटा देश. एका बाजूला रशिया, दुसऱ्या बाजूला तुर्कस्तान, इतिहासात सगळ्यांनी तुडवलेला. भाषा, चर्च आणि नाच या तीनच गोष्टींवर हे लोक टिकले. १९७८ला मॉस्को त्यांच्या राज्यघटनेतून जॉर्जियनचा राजभाषेचा दर्जा काढायला निघालं, तेव्हा १४ एप्रिलला त्बिलिसीचे विद्यार्थी रस्त्यावर उतरले आणि मॉस्कोला माघार घ्यावी लागली. अशा लोकांच्या नाचावर बाहेरचा पैसा घेऊन कुणी सिनेमा केला तर त्यांना झोंबणारच. मारहाणीचं समर्थन नाही, मुळीच नाही. पण राग का आला तेही समजून घ्या.

रानवारा:
ठेचाभाऊ, राग समजतो. पण राग येण्यासाठी तरी सिनेमा पाहायला हवा ना? बाहेर उभे असलेल्यांपैकी कुणीच पाहिला नव्हता, तो पहिलाच खेळ होता. आणि मेराबचं नाचावर जेवढं प्रेम आहे तेवढं मी कुठल्याच नृत्यपटात पाहिलेलं नाही. घोट्याला इजा झालेली, तरी शेवटच्या चाचणीत तो थांबत नाही.

त्बिलिसीकर:
ठेचाभाऊंचा मुद्दा खोटा नाही, आमच्या प्राध्यापिका अगदी हेच म्हणायच्या. फक्त 'बाहेरचा' या शब्दाबद्दल एक सांगतो. अकिन हा सिनेमा का करायला निघाला, तर १७ मे २०१३ मुळे. त्या दिवशी त्बिलिसीत समलिंगी हक्कांसाठी जमलेल्या मूठभर लोकांवर हजारोंचा जमाव चालून गेला, पुढे पाद्री. पोलिसांनी त्या मुलांना छोट्या बसमध्ये घालून बाहेर काढलं. अकिनने ते पाहिलं आणि तिकडे जाऊन मुलांशी बोलायला लागला. चित्रीकरणात अंगरक्षक ठेवावे लागले. एका प्रतिष्ठित नृत्यपथकाने तर नकार दिलाच, इतरांनाही मदत करू नका म्हणून सांगितलं. नृत्य बसवणाऱ्याचं नाव श्रेयनामावलीत नाही, तिथे 'अनामिक' आहे. बाहेरचा माणूस असता तर नाव लिहायला काय हरकत होती? आतलाच होता, म्हणून लपवावं लागलं.

मिलिंद_उप्साला:
स्वीडनमधून हजेरी. इथे तो सिनेमा स्वीडिश सबटायटलसह लागला होता आणि २०२०च्या गुल्डबागे पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला, मेराब झालेल्या लेवान गेलबाखियानीलाही अभिनयाचा मिळाला. माझ्या शेजारच्या खुर्चीवर एक जॉर्जियन जोडपं होतं. सबटायटल वाचणारे आम्ही जिथे हसायचो, त्याच्या एक-दोन सेकंद आधी ते हसायचे. पूर्ण थिएटरात विनोद आधी कळणारे ते दोघंच. स्वीडनच्या सिनेमात स्वीडिश लोकच मागे पडले होते. मला ते फार गोड वाटलं.

अक्षरओळ:
मी सबटायटलचं काम करते (पोटापाण्यासाठी हिंदी, हौसेसाठी मराठी). रानवारांच्या मूळ प्रश्नातल्या भाषेच्या भागाबद्दल लिहिते, कारण तिथेच खरी गंमत आहे.

जॉर्जियन भाषेत व्याकरणातलं लिंग नाही. 'इस' हे एकच सर्वनाम तो, ती आणि ते या तिन्हींसाठी. 'इस त्सावीदा' म्हणजे तो गेला, ती गेली, ते गेलं, यातलं काहीही. क्रियापदही सांगत नाही. आता मराठीत हे कसं आणाल? आपल्याकडे तर वाक्याच्या शेपटीलाच लिंग चिकटलेलं. 'आलास का' आणि 'आलीस का' यातून सुटका नाही.

आमच्या गटाने अकिनच्याच 'क्रॉसिंग' (२०२४) या सिनेमाला मराठी सबटायटल करून पाहिली, फक्त सरावासाठी. निवृत्त शिक्षिका लिया बातुमीतून इस्तंबूलला जाते, हरवलेल्या तेक्लाला शोधायला. तेक्ला तिच्या बहिणीची ट्रान्स मुलगी. सिनेमाच्या सुरुवातीलाच पडद्यावर पाटी येते की जॉर्जियन आणि तुर्की या भाषांत व्याकरणिक लिंगभेद नाही. म्हणजे लिया तेक्लाबद्दल बोलते तेव्हा ती तिला मुलगा मानते की मुलगी, हे तिच्या वाक्यातून कळतच नाही. अर्धा सिनेमा त्या न कळण्यावर उभा आहे. मराठी करताना पहिल्याच ओळीला आम्ही अडलो. 'तो' लिहिलं तर मावशी क्रूर ठरते, 'ती' लिहिलं तर ती आधीच सुधारलेली ठरते. दोन्ही खोटं. शेवटी पहिली वीस मिनिटं आम्ही वाक्यंच फिरवली: 'तेक्लाचा पत्ता लागत नाही', 'तेक्लाला शेवटचं कुणी पाहिलं'. 'तो' आणि 'ती' दोन्ही गाळून. चार माणसं, तीन शनिवार, वीस मिनिटांचा मजकूर.

हे का सांगते आहे? परदेशी सिनेमा जॉर्जियनमध्ये जातो तेव्हा उलटं घडतं. इंग्रजीतला 'ही' आणि 'शी' दोन्ही 'इस' होतात. पात्र फोनवर आपल्या जोडीदाराबद्दल बोलत असेल तर जोडीदार पुरुष की बाई हे फक्त ऐकून कळणार नाही. कुणी काही कापायची गरजच पडत नाही, भाषा आपोआप पडदा ओढते. आणि मन मोठं असलेला अनुवादक असेल तर तोच पडदा तो मुद्दाम बाजूला करू शकतो, एखादं नाव घालून, एखादा 'मुलगा' किंवा 'बाई' असा शब्द घालून. एका शब्दाचा खेळ आहे.

पक्या_बोरिवली:
व्हीपीएनवालं उत्तर मागे घेतो. अक्षरओळ, हे फार भारी आहे. 'माझं तुझ्यावर प्रेम आहे' यात मात्र आपण पण सुटतो ना?

अक्षरओळ:
हो की! 'मी प्रेम करतो/करते' म्हटलं की अडकलो, 'माझं प्रेम आहे' म्हटलं की सुटलो. जॉर्जियनमध्ये 'मिक्वारखार' एवढा एक शब्द, ना बोलणाऱ्याचं लिंग ना ऐकणाऱ्याचं.

त्बिलिसीकर:
आता मला आमच्या बेबोबद्दल लिहायलाच हवं. (बेबो म्हणजे आजी.) दुसऱ्या वर्षापासून मी एका म्हाताऱ्या बाईंच्या घरात खोली घेऊन राहायचो. त्यांना संध्याकाळी मालिका लागायची, बहुतेक तुर्की. तिथे टीव्हीवर पूर्ण डबिंग सहसा नसतं. मूळ आवाज खाली बारीक चालू राहतो आणि वर एक-दोन माणसं सपाट आवाजात जॉर्जियन वाचत जातात. बापही तोच, मुलगीही तोच, खलनायकही तोच. दोन वाक्यं तुर्कीत ऐकू येतात, मग त्यावर वाचकाचा आवाज चढतो. पहिला महिना माझं डोकं दुखायचं, नंतर त्या आवाजाशिवाय चैन पडेना.

अक्षरओळ म्हणतात ते इथे अजून पुढे जातं. शब्दांत लिंग नाही आणि आवाजही एकच. पडदा बघितला नाही तर कोण कुणाला 'मिक्वारखार' म्हणतंय पत्ता लागत नाही. बेबो विणकाम करत ऐकायच्या आणि अधूनमधून मान वर करून खात्री करायच्या.

त्यांची नातवंडं मात्र टीव्ही बघायचीच नाहीत. ती सर्चमध्ये 'फिल्मेबी कार्तुलाद' टाकायची, म्हणजे 'सिनेमे, जॉर्जियनमधून'. अजारानेट नावाचं संकेतस्थळ तर सगळ्यांच्या तोंडी. तिथे चित्राखाली भाषेचं बटण असायचं: जॉर्जियन, रशियन, इंग्रजी. आजी-आजोबा रशियन दाबणार, मधली पिढी जॉर्जियन, पोरं इंग्रजी. एकाच घरात एकच सिनेमा तीन भाषांत. वादग्रस्त म्हणाल तर कुठला सिनेमा कुठे कापला होता हे तिथे कुणी विचारत नव्हतं, कारण पूर्णच मिळायचा.

नितीन_वितरण:
मी आपल्याकडे छोट्या वितरकाकडे होतो, त्यामुळे व्यवहाराची बाजू लिहितो. हॉलिवूडवाले हक्क विकताना माजी सोव्हिएत देशांचा एकच गठ्ठा करायचे. मोठा बाजार रशियाचा, बाकी देश त्या गठ्ठ्यात मागून आलेले. ३७ लाखांच्या देशासाठी वेगळा सौदा करायला कुणाला परवडतं? याचा धोका असा की मॉस्कोचा वितरक कात्री लावेल त्या प्रतीची सावली शेजाऱ्यांवरही पडू शकते. २०१९ला 'रॉकेटमन'मधले समलिंगी प्रेमाचे प्रसंग रशियन वितरकाने कापले, ज्याच्या आयुष्यावर तो सिनेमा आहे त्या एल्टन जॉनने जाहीर निषेध केला होता. २०१८च्या जानेवारीत 'द डेथ ऑफ स्टालिन'चा परवाना रशियाने प्रदर्शनाच्या तोंडावर काढून घेतला. म्हणून स्वतःच्या भाषेत सबटायटल करणं हा जॉर्जियाला केवळ भाषाभिमानाचा प्रश्न नाही. मॉस्कोच्या प्रतीवाचून चालवता येणं म्हणजे मॉस्कोच्या कात्रीवाचून चालवता येणं. परदेशी सिनेमे जॉर्जियनमध्ये आणायचा आग्रह पुढे कायद्यातही आला.

ठेचाभाऊ, तुमच्या १४ एप्रिलचं हे थेट नातवंड आहे बघा.

कोल्हापुरी_ठेचा:
हे मात्र मान्य. भाषा राखली म्हणून हा सिनेमाही त्या भाषेत होऊ शकला. माझाच मुद्दा माझ्यावर आला, आणि बरोबर आला.

वसईची_सई:
पण 'जॉर्जियन प्रेक्षक' म्हणजे तरी कोण? देशाच्या दक्षिणेकडच्या क्वेमो कार्तली भागात अझरबैजानी बोलणारे, जावाखेतीत आर्मेनियन बोलणारे. २०१४च्या जनगणनेत साधारण ६ आणि साडेचार टक्के. त्यांना जॉर्जियन सबटायटल असून नसून सारखीच, ते अझरबैजानच्या बाकूचं किंवा रशियन टीव्ही बघतात. मी तिथे भटकायला गेले होते, एका गावात चहा पिताना टपरीवाल्याला सांगितलं भारतातून आले, तर म्हातारा उभा राहून 'आवारा हूँ' म्हणायला लागला. पूर्ण कडवं, एकही जॉर्जियन शब्द न बोलता.

सुमनताई_पुणे:
'आवारा' तिकडे १९५४ला गेला आणि सोव्हिएत देशभरात सहा कोटींहून जास्त लोकांनी पाहिला. चेंबूरच्या आर. के.चा सिनेमा काकेशसच्या खेड्यात! आणि तोही राज्यसंस्थेने विकत घेऊन, रशियनमध्ये आणून. त्या काळी एकच दार होतं, पण ते उघडलं की सगळ्यांसाठी उघडायचं. आता दारं शंभर आहेत आणि प्रत्येक दारात कुणी ना कुणी उभा.

पक्या_बोरिवली:
मिथुनदांना विसरू नका! 'डिस्को डान्सर'!!

वसईची_सई:
त्याच म्हाताऱ्याने 'जिमी जिमी' पण म्हटलं. त्याला कसं विसरणार.

चिंतामण_जोशी:
विषय हलका होतोय म्हणून पुन्हा जड करतो, माफ करा. २०१९चं चित्र आता राहिलेलं नाही. १७ सप्टेंबर २०२४ला जॉर्जियाच्या संसदेने 'कौटुंबिक मूल्ये आणि अल्पवयीनांचे संरक्षण' असा कायदा केला. तेव्हाच्या राष्ट्राध्यक्षा झुराबिशविलींनी सही नाकारली, तर ३ ऑक्टोबरला संसदेच्या सभापतींनी केली. २ डिसेंबरपासून लागू. त्यात समलिंगी संबंधांचा 'प्रचार' प्रसारणातून, शाळांतून, कलाकृतींतून बंद. संसदेत मंजूर झाला त्याच्या दुसऱ्या दिवशी केसारिया अब्रामिद्झे या ट्रान्स मॉडेलचा त्बिलिसीत तिच्या घरी खून झाला.

आणि फक्त समलिंगी विषयच अडतात असंही नाही. सालोमे जाशी यांचा 'टेमिंग द गार्डन' (२०२१) हा माहितीपट घ्या, स्विस-जर्मन-जॉर्जियन निर्मिती. एक शब्द निवेदन नाही. माजी पंतप्रधान आणि अब्जाधीश इवानिशविली यांनी किनाऱ्यावरच्या आपल्या उद्यानासाठी गावोगावची शंभर-शंभर वर्षांची झाडं मुळांसकट उपटून नेली, ते नुसतं दाखवलं आहे. झाड तराफ्यावर उभं राहून समुद्रातून जातंय हे दृश्य मी विसरणार नाही. २०२२ला त्बिलिसीत त्याचे खेळ चित्रपट अकादमीने रद्द केले, कारण सिनेमामुळे मतभेद होतात म्हणे. त्याच वर्षी मार्चमध्ये राष्ट्रीय चित्रपट केंद्राच्या संचालकपदावरून गागा चखेइद्झे यांना काढलं. त्बिलिसी आंतरराष्ट्रीय महोत्सव ज्यांनी उभा केला तो माणूस. इथे जमाव नव्हता, फटाके नव्हते, ढाली नव्हत्या. एक निरोप आला आणि पडदा उघडला नाही. मला या दुसऱ्या प्रकाराची जास्त भीती वाटते. ढालींच्या रांगेतून मुलगी आत तरी गेली.

कोल्हापुरी_ठेचा:
झाडांचा सिनेमा? झाडांवरून मतभेद? कमाल आहे.

चिंतामण_जोशी:
बघा जरूर. गावातले लोक आपसात भांडतात त्यात. कुणाला झाडाचे पैसे हवेत, कुणाला रस्ता होईल म्हणून आनंद, आणि एक बाई झाड जाताना रडते.

रानवारा:
१९९८ला मुंबईत दोन स्त्रियांच्या प्रेमावरच्या 'फायर'च्या वेळी गोरेगावच्या थिएटरात तोडफोड झाली, ती आपल्यातल्या बऱ्याच जणांना आठवत असेल. २०१७ला गोव्याच्या 'इफ्फी'तून 'न्यूड' हा आपला मराठी सिनेमा काढून टाकला तेव्हा तर एक फटाकाही फुटला नव्हता. म्हणून चिंतामणरावांचं दुसऱ्या प्रकाराबद्दलचं म्हणणं मला फार आतपर्यंत पटलं.

माझ्या मूळ प्रश्नाकडे येते. तुम्हा सगळ्यांचं वाचून मला असं वाटायला लागलं आहे की परदेशी सिनेमा परक्या भाषेत असतो तेव्हा तो सहज आत येतो. 'ते तिकडचं' म्हणून सोडून देता येतं, वर सपाट आवाज, 'इस' चा पडदा, सगळं मदतीला. पण तोच सिनेमा जॉर्जियनमध्येच बोलायला लागला की दार लागतं. अकिनचा सिनेमा परदेशी होता म्हणून नाही, पुरेसा परदेशी नव्हता म्हणून अडवला. त्बिलिसीकर, बरोबर आहे का हे? आणि तुमच्या बेबोंनी पाहिला का तो शेवटी?

त्बिलिसीकर:
पाहिला. मुद्दाम लिहिलं नव्हतं, पण विचारलंत म्हणून सांगतो.

८ नोव्हेंबरला बेबो घरी होत्या, सकाळी चर्चमध्ये मेणबत्ती लावून आल्या होत्या, कुणासाठी ते सांगितलं नाही. २०२०च्या वसंतात टाळेबंदी लागली, आम्ही सगळे घरात कोंडलेले. नातवाच्या लॅपटॉपवर तो सिनेमा होता. एका रात्री तो स्वयंपाकघरात बघत होता, बेबो बीट किसत होत्या. त्यांना ऐकू आलं की हे जॉर्जियन आहे, वर वाचणारा आवाज नाही. 'हे काय आहे, आमचंच दिसतंय' म्हणत येऊन बसल्या. किसणी हातातच. नातू घाबरला, पण बंद करायची हिंमत त्याला झाली नाही.

मधल्या प्रसंगांना त्या उठून गेल्या. परत आल्या तेव्हा मेराबचा थोरला भाऊ दाविद त्याच्यासाठी मारामारी करून तोंड सुजवून घरी आलेला, आणि दोघं भाऊ बोलत आहेत. तिथे बेबो रडल्या. शेवटचा नाच संपेपर्यंत हलल्या नाहीत. मग म्हणाल्या, 'मुलगा चांगला नाचला. आणि भाऊ असावा तर असा.' बीट किसायला परत गेल्या. बाकी काही नाही. त्यांचं मत बदललं का, मला माहीत नाही, मी विचारलंही नाही. दुसऱ्या रविवारी नेहमीसारख्या चर्चला गेल्या.

रानवारा, तुमचं बरोबर आहे असं मला वाटतं. पण एक भर घालतो. वर आवाज नव्हता म्हणूनच त्या येऊन बसल्या. परदेशी मालिका त्या मान खाली घालून ऐकायच्या. याला मान वर केली.

अक्षरओळ:
त्बिलिसीकर, हे वाचून मी काम बाजूला ठेवून बसले. एक विचारू? 'क्रॉसिंग' बेबोंना दाखवता येईल का? लियाच्या वयाच्याच असतील त्या. ती 'इस' वाली वाक्यं त्यांना कशी ऐकू येतात, तेक्ला त्यांना कधी 'मुलगी' वाटायला लागते, हे मला मनापासून जाणून घ्यायचं आहे. आमच्या मराठी ओळी त्यावर पुन्हा तपासता येतील.

त्बिलिसीकर:
विचारतो. बेबो आता ८१ वर्षांच्या आहेत, डोळे कमी झालेत पण कान तिखट. नव्या कायद्यानंतर थिएटरची आशा धरत नाही. नातू सध्या बातुमीला नोकरीला आहे, ईस्टरला घरी जाणार आहे. त्याला निरोप टाकलाय. 'पेन ड्राइव्ह घेऊन जातो, बीट मी किसतो' असं उत्तर आलंय.

अक्षरओळ:
ईस्टरनंतर धागा वर काढते.